रानकॉफीचं शेवटचं झाड

मॉरिशस म्हटलं की आपल्याला तिथली मराठी माणसं आठवतात. त्याच देशाचं आणखी एक छोटं बेट आहे, रॉड्रिग्ज. मॉरिशसपासून पूर्वेला साधारण ५६० किलोमीटरवर, भर समुद्रात. क्षेत्रफळ जेमतेम १०८ चौरस किलोमीटर. आजची गोष्ट तिथल्या एका झाडाची.

लोक त्याला ‘कॅफे मारों’ म्हणतात, म्हणजे रानकॉफी. शास्त्रीय नाव रामोस्मानिया रॉड्रिग्जी. कॉफी, आपला अनंत, आपला कदंब ज्या कुळातले, त्याच कुळातलं हे लहानसं झाड. फुलं पांढरी, चांदणीसारखी. गंमत बघा, रोप लहान असताना पानं लांबट, अरुंद, तपकिरी असतात. झाड मोठं झालं की हिरवी आणि रुंद. पूर्वी बेटावर महाकाय कासवं चरायची. त्यांच्या नजरेतून कोवळं रोप सुटावं म्हणून ही सोय असावी, असा एक तर्क आहे.

पुढे कासवं संपली. माणसानं जंगल तोडलं, शेळ्या आणल्या, बाहेरची झाडं माजली. रानकॉफी कित्येक दशकं कुणाला दिसलीच नाही. ती नामशेष झाली असंच सगळ्यांनी धरलं.

आणि १९८० च्या सुमारास एका शाळकरी मुलानं वर्गात एक फांदी आणून दाखवली. तपासलं, तर तीच! जगात उरलेलं एकमेव झाड. पण बातमी पसरली तशी लोक औषधासाठी त्याच्या फांद्या तोडू लागले. शेवटी कुंपण घालावं लागलं. १९८६ मध्ये काही फांद्या विमानानं लंडनच्या क्यू उद्यानात पाठवल्या. त्यांतली एक रुजली.

आता तुम्ही म्हणाल, वाचलं की झाड! पण तसं नाही. फांदीपासून केलेलं रोप म्हणजे तेच झाड, दुसऱ्या कुंडीत. शिवाय याला फुलं यायची, फळ मात्र एकही धरायचं नाही. फुलात पराग कुक्षीवर पडले की त्यांतून एक बारीक नळी फुटते, ती खाली अंडाशयापर्यंत जाते, तेव्हा बी तयार होतं. इथे गाडी अडत होती कुक्षीपाशीच. २००३ मध्ये क्यूमधले माळी कार्लोस मॅग्डालेना यांनी कुक्षीचं टोकच कापलं आणि पराग थेट त्या कापलेल्या जागी ठेवले. पुष्कळ फुलं वाया गेली. मग फळ धरलं. त्यात बिया होत्या.

त्या बियांतून आलेल्या काही झाडांची फुलं वेगळ्या ठेवणीची निघाली, मादीचं काम करणारी. म्हणजे जुनं झाड प्रत्यक्षात नर होतं! आता दोन झाडांचा संकर करून बी मिळू लागलं. रोपं रॉड्रिग्जलाही परत गेली.

तरी धोका टळलेला नाही. ही सगळी एकाच झाडाची लेकरं. जनुकांत विविधता थोडी, त्यामुळे एखादा रोग आला तर तगून राहतील अशी वेगळी झाडं त्यांत कमीच. आणि शेळ्या व बाहेरची झाडं आवरली नाहीत, तर रोप लावून उपयोग काय?

म्हणून दुर्मिळ झाड फुललेलं दिसलं की आनंद जरूर माना. पण मग जरा खाली वाकून बघा, त्याच्या सावलीत एखादं रोप आपसूक उगवलंय का.