सा उडी मारतो तेव्हा

घरात पेटी आहे? मग हा लेख वाचायच्या आधी ती काढा, भाता सोडा आणि तिच्यासमोर बसा. पेटी नसेल तर कीबोर्ड चालेल. तोही नसेल तर आईच्या फोनवर पियानोच्या पट्ट्या दाखवणारं एखादं अ‍ॅप उघडा. आजची गंमत डोळ्यांनी वाचून अर्धीच कळते, उरलेली अर्धी कानांनीच कळते.

पट्ट्यांकडे नीट बघा. काळ्या पट्ट्या कुठे दोन-दोन, कुठे तीन-तीन अशा बसल्या आहेत. दोघींच्या जोडीला लागून डावीकडे जी पांढरी पट्टी आहे, ती पांढरी एक. तिथून उजवीकडे मोजत गेलं की पांढरी दोन, पांढरी तीन, अशा पांढरी सातपर्यंत. सातनंतर पुन्हा पांढरी एक येते, पण वरच्या सप्तकातली.

आता पांढरी एक, तीन आणि पाच या तिन्ही पट्ट्या एकदम दाबा. पांढरी एकला सा धरलं तर हे झाले सा, ग, प. किती भरलेला आवाज येतो ना! पाश्चात्त्य संगीतात एकदम वाजणाऱ्या सुरांच्या अशा गटाला कॉर्ड म्हणतात. एक स्वर घ्यायचा, एक सोडायचा, असं करत तीन स्वर घेतले की त्या कॉर्डचं नाव ट्रायड. ज्या सुरापासून ती बांधली जाते, तो तिचा मूळ सूर. मी त्याला घरमालक म्हणते. आपल्या कॉर्डचा घरमालक आहे सा.

आता खेळ सुरू. ग आणि प जागेवरच ठेवा. खालच्या सा ला उडी मारायला लावा, थेट वरच्या सप्तकात. म्हणजे तुमची बोटं आली पांढरी तीन, पाच आणि वरच्या एकवर. वाजवा. आता ग ला उडी मारायला लावा: पाच, वरची एक, वरची तीन. वाजवा. शेवटी प नेही उडी मारली, की पुन्हा सा, ग, प याच क्रमात आलात, फक्त एक सप्तक वर.

सा तळाशी असतो ती मूळ स्थिती. ग तळाशी आला की पहिलं इन्व्हर्जन आणि प तळाशी आला की दुसरं. तीन सुरांच्या घरात तळमजल्यावर राहायला तीनच जण आहेत, म्हणून चौथा प्रकार होऊच शकत नाही. आणि नाव ठरतं ते फक्त तळमजल्यावर कोण आहे यावरून. वरचे दोघं एकमेकांच्या डावीकडे आहेत की उजवीकडे, त्यांच्यातला एखादा दोनदा वाजतोय का, याने नाव बदलत नाही.

तिन्ही प्रकार पुन्हा एकामागून एक वाजवा. वेगळे वाटतात, पण अनोळखी वाटत नाहीत. असं का बरं?

गणपतीत घरात आरती म्हणताना बाबांचा आवाज खाली असतो, तुमचा वर. तरी सगळे एकाच सुरात म्हणताहेत असंच वाटतं. तुमचा सूर बाबांच्या सुराच्या बरोबर दुप्पट वेगाने थरथरत असतो, आणि अशा दुपटीच्या सुरांना आपला कान एकच नाव देतो. समजा, मधला सा सेकंदाला ४०० वेळा थरथरतो. मग वरचा सा ८०० वेळा थरथरेल. शुद्ध ग ५०० वेळा आणि प ६०० वेळा.

पेटीवरचा ग खरं तर ५०४ च्या आसपास भरतो, म्हणजे किंचित चढा असतो, कारण पेटीत सप्तकाचे बारा समान भाग पाडलेले असतात. मोठ्या गवयांची पेटीवर जुनी नाराजी आहे ती यासाठीही. आपण मात्र ५०० धरून चालू.

मूळ स्थिती: ४००, ५००, ६००. पहिलं इन्व्हर्जन: ५००, ६००, ८००. दुसरं: ६००, ८००, १०००. शेवटच्या तिघांना २०० ने भागा. ३, ४, ५ आले! भूमितीत काटकोन त्रिकोण काढताना भेटतात तेच तीन आकडे.

याहून मोठं आश्चर्य एका तारेत लपलेलं आहे. सेकंदाला १०० वेळा थरथरणारी एक लांब तार घ्या. १०० ची दुप्पट २००, तिची दुप्पट ४००, म्हणजे ही तारही सा चीच, फक्त खूप खालच्या. पण तार छेडली की ती एकट्या १०० ने थरथरत नाही. तिच्या आत २००, ३००, ४००, ५००, ६००, ७००, ८००, ९००, १००० असे बारीक बारीक थरथराटही चालू असतात. वरचे आकडे या यादीत शोधा बघू. तिन्ही प्रकार सापडले ना? एका सा च्या तारेच्या पोटात ही कॉर्ड तिन्ही रूपांत बसलेली आहे! म्हणून सा तळाशी असो, मधे असो की माथ्यावर, घरमालक तोच राहतो.

आपल्याकडच्या गवयांच्या कानांनी हे फार पूर्वीच टिपलं आहे. तंबोऱ्यावर ग ची तार नसते. तरी तो सुरेख जुळला की खर्जाच्या तारेतून गंधार ऐकू येतो. कुणी न लावता आपोआप उमटणारा, म्हणून त्याला स्वयंभू गंधार म्हणतात. आपल्या यादीतला ५०० नंबरचा पाहुणा तो हाच. कुणी गाणं शिकणारं ओळखीचं असेल तर त्यांच्या तंबोऱ्यापाशी एकदा शांत बसून बघा.

युरोपात मात्र या तीन प्रकारांना बरेच दिवस वेगवेगळं समजत. साथ करणाऱ्याला फक्त सर्वात खालचा सूर लिहून देत आणि त्याच्यावर आकडे घालत. खालच्या सुरापासून मोजायचं आणि ते ते सूर वाजवायचे. ग पासून वरचा सा सहावा, म्हणून पहिल्या इन्व्हर्जनवर ६ लिहीत. प पासून सा चौथा आणि ग सहावा, म्हणून दुसऱ्यावर ६ आणि ४. बिचारे वाजवणारे हे आकडे घोकून पाठ करत.

मग १७२२ साली ज्याँ-फिलिप रामो नावाच्या फ्रेंच ऑर्गनवादकाने हार्मनीवर, म्हणजे सूर एकत्र वाजवण्याच्या शास्त्रावर, एक जाडजूड ग्रंथ काढला. त्यात त्याने ठासून सांगितलं, की हे वेगवेगळे प्राणी नाहीत, एकाच कॉर्डची उलटापालट आहे. तळाला कुणीही असो, मूळ सूर शोधा. जर्मनीतल्या एक-दोन अभ्यासकांना ही गोष्ट शंभरेक वर्षं आधी जाणवली होती, पण संगीत शिकवायची रीत बदलली ती रामोने. गंमत म्हणजे तारेच्या पोटातल्या सुरांची त्याला तेव्हा माहितीच नव्हती. जोसेफ सोव्हर या फ्रेंच शास्त्रज्ञाचं त्यावरचं काम त्याने नंतर वाचलं आणि १७२६ च्या पुढच्या पुस्तकात ते वापरलं. आधी ओळखलं, कारण मागून कळलं. मला रामो आवडतो तो याचसाठी.

बरं, समोर पांढऱ्या पट्ट्यांवरची कुठलीही ट्रायड आली तर घरमालक शोधायचा कसा? पट्ट्यांमधल्या फटी बघायच्या. एक, तीन, पाचमध्ये प्रत्येक फटीत एकच पांढरी पट्टी सुटली आहे. दोन्ही फटी लहान, म्हणजे मूळ स्थिती, मालक तळाशी. इन्व्हर्जनमध्ये मात्र एका फटीत दोन पांढऱ्या पट्ट्या सुटतात. त्या मोठ्या फटीच्या वरच्या टोकाला जो बसलाय, तो घरमालक! तीन, पाच, एकमध्ये मोठी फट पाच आणि एकच्या मधे. वरचं टोक एक. बरोबर. सूर जवळ-जवळ बसलेले असले की ही युक्ती हमखास चालते. लांब पसरलेले असले तर आधी उड्या मारायला लावून त्यांना जवळ आणा.

करून बघा: पांढरी एक, चार, सहा. मोठी फट एक आणि चारच्या मधे, म्हणजे मालक पांढरी चार. तळाशी एक आहे, ती चारपासून मोजली तर पाचवी. म्हणजे हे दुसरं इन्व्हर्जन.

हे उदाहरण मी मोत्सार्ट या संगीतकाराकडून उचललंय. १७८८ साली त्याने नवशिक्यांसाठी पियानोची एक छोटी सोनाटा लिहिली, के. ५४५ या क्रमांकाची. तिच्या तिसऱ्या मात्रागटात डावा हात आधी हीच एक, चार, सहा वाजवतो आणि लगेच एक, तीन, पाचवर येतो. तुम्हीही तसं करा. तळाचं बोट हललंच नाही! वरची दोन बोटं फक्त एकेक पट्टी सरकली आणि कॉर्ड बदलली. मूळ स्थितीतच वाजवायचा हट्ट धरला असता तर अख्खा हात उचलून न्यावा लागला असता आणि सूरही धडपडत गेले असते.

स्वभावही वेगळे असतात बरं का. मूळ स्थिती मांडी घालून बसल्यासारखी वाटते. पहिलं इन्व्हर्जन हलकं, चालायला निघालेलं. दुसरं तर एका पायावर उभं, आता टेकेल की मग टेकेल असं. मोत्सार्टच्या पियानो कॉन्चेर्तोंमध्ये, म्हणजे पियानो आणि वाद्यवृंदाच्या रचनांमध्ये, सगळा वाद्यवृंद नेमका या दुसऱ्या इन्व्हर्जनवर येऊन थबकतो. मग पियानोवादक एकटाच मनसोक्त वाजवतो आणि शेवटी एक लांब थरथरता सूर लावून वाद्यवृंदाला परत बोलावतो. तोवर ऐकणाऱ्यांचा जीव त्या एका पायावरच टांगलेला असतो.

तुमच्यातलं कुणी राग शिकत असेल तर ते म्हणेल, अहो, ही तर मूर्च्छना! जवळची आहे, पण तीच नाही. फक्त काळ्या पट्ट्या वाजवा. काळी तीनला सा धरलंत तर भूपाचे स्वर मिळतील, काळी पाचला सा धरलंत तर त्याच पट्ट्यांतून मालकंसाचे. तिथे सा ची जागा बदलते, म्हणून घरच बदलतं, नावही बदलतं. इन्व्हर्जनमध्ये मालक तोच राहतो, तो फक्त मजला बदलतो.

आता मित्राला किंवा ताईला पेटीवर बसवा आणि तुम्ही पाठ करून उभे राहा. त्यांनी तिन्ही प्रकार मनात येईल तसे वाजवायचे. तुम्ही आधी सर्वात खालचा सूर गुणगुणून पकडायचा आणि मग सांगायचं, तो सा आहे, ग आहे की प. पहिल्या दिवशी दहातले चार ओळखलेत तरी खूश व्हा, रोज पाच मिनिटं द्या.

आणि जाता जाता एक कोडं: पांढरी सात, तिच्या वरची दोन आणि तिच्याही वरची पाच. घरमालक कोण आणि इन्व्हर्जन कितवं? उत्तर इथे छापलेलं नाही, ते तुमच्या पेटीत आहे.