रथ भिलपुऱ्यात थांबतो

जळगावच्या श्रीराम रथाला ब्रेक नाही आणि सुकाणूही नाही. दोराला शेकडो हात लागले की तो सरळ निघतो. एकदा त्या लाकडी धुडाने वेग घेतला की त्याला आवरणं ओढणाऱ्यांच्या हातात उरत नाही. ते काम मोगरीचं. मोगरी म्हणजे लाकडाचा जाड, निमुळता ठोकळा. चाकापुढे नेमक्या जागी सारली की रथ अडतो. एकाच बाजूच्या चाकाला लावली की दुसरं चाक फिरत राहतं आणि रथ अडलेल्या बाजूला वळतो. बोहरा गल्ली, दाणा बाजार, शिंपी गल्ली या जुन्या जळगावच्या चिंचोळ्या वाटा एवढ्या एका युक्तीवर पार होतात. बाजूला ओटे, वर विजेच्या तारा, गच्च्यांवर बायकापोरं, आणि मधून हा डुलत जाणारा डोंगर.

मोगरीवाल्याकडे नीट पाहावं. तो चाकाबरोबर कमरेत वाकून चालतो. नजर चाकाच्या कडेवर, कान पुढच्या आरोळीकडे. हातातली मोगरी तो चाकाच्या वाटेवर टाकतो, चाक तिच्यावर जरासं चढतं, लाकूड कण्हतं, वरचा सगळा फुलांचा साज एका बाजूला झुकतो आणि परत येतो. तेवढ्या क्षणात त्याला मोगरी तिथेच ठेवायची की ओढून घ्यायची ते ठरवायचं असतं. हात आणि चाक यांत वीतभर अंतर. ‘सरक रे भो!’ असं तो ओरडला की पुढच्या माणसाने कारण विचारायचं नसतं. दोर ओढणाऱ्यांना चाक दिसत नाही आणि मोगरीवाल्याला रस्ता दिसत नाही. दोघांना एकमेकांवर भिस्त ठेवण्यावाचून इलाज नाही.

हा रथ कार्तिक शुद्ध एकादशीला, प्रबोधिनीला निघतो. तो १८७२ साली संत अप्पा महाराजांनी सुरू केला. जुन्या गावातलं श्रीराम मंदिर हे त्याचं घर. आषाढीला याच मंदिरातून संत मुक्ताबाईंच्या नावाने पालखी पंढरपूरला जाते, तीही अप्पा महाराजांनीच घालून दिलेली वहिवाट. रथाच्या आधी, दिवाळीच्या पाडव्यापासून, रोज रात्री एकेक वहन गावात फिरतं. घोडा, हत्ती, वाघ, सिंह, सरस्वती, चंद्र, सूर्य, गरुड, मारुती अशा वाहनांवर देव बसतो आणि भजनांच्या गजरात गल्लोगल्ली जातो. ठरलेल्या घरी पानसुपारी होते. ज्या घरी पानसुपारी, त्या घरचं अंगण त्या रात्री सगळ्या गावाचं. शेतात कापूस वेचणीला आलेला, रब्बीची तयारी चाललेली, बाजारात भरताची वांगी दिसू लागलेली. खान्देशातल्या माणसाला वर्षातले हे दिवस जरा हात सैल सोडायचे असतात.

या उत्सवाची रचना मानांवर उभी आहे. चोपदाराचा मान वेगळा, वाजंत्रीचा वेगळा, भजनी मंडळाचा वेगळा, मोगरीवाल्यांचा वेगळा. मान हा शब्द ऐकला की शहरातल्या माणसाला फेटा आणि नारळ आठवतो. इथे तो आधी काम आहे आणि मग सन्मान. मोगरीचा मान ज्याच्या घरात, त्याला त्या दिवशी दुसरीकडे कुठे जाता येत नाही. काम चुकलं तर माणूस चाकाखाली येतो, म्हणून तो मान सगळ्या गावाने त्याच्याकडे सोपवलेली जोखीमच असतो.

आणि या मार्गावर एक थांबा आहे. भिलपुऱ्यात लालशा बाबांची समाधी आहे. अप्पा महाराज आणि लालशा मियाँ यांचा जिवाभावाचा स्नेह होता असं जळगावात पिढ्यान्‌पिढ्या सांगतात. रथ तिथे येतो, थांबतो, श्रीराम मंदिर संस्थानाचे गादीपती खाली येऊन समाधीवर फुलांची चादर चढवतात, मुस्लिम वस्तीतली मंडळी स्वागत करतात आणि रथ पुढे निघतो. या थांब्याला व्यासपीठ लागत नाही. तो मार्गाचा भाग आहे, जसा दाणा बाजार आहे तसा. एखाद्या वर्षी वाटलं म्हणून थांबायचं आणि एखाद्या वर्षी राग आला म्हणून टाळायचं, अशी सोय त्यात ठेवलेलीच नाही. दोन मित्रांचं प्रेम अप्पा महाराजांच्या वहिवाटीने रस्त्यात बांधून ठेवलं. मला या सगळ्या उत्सवातली सर्वांत शहाणपणाची गोष्ट हीच वाटते.

अशा व्यवस्थेला जगात दुसरीकडे काय रूप आलं ते पाहायचं तर स्पेनमध्ये जावं लागतं. तिथे बंधुतेच्या भावनेला आणि बंधुत्वाच्या नावाने चालणाऱ्या नोंदणीकृत संस्थेला एकच नाव आहे, एर्मांदाद. मध्ययुगात वाटमारीने गांजलेल्या शहरांनी एकत्र येऊन रस्त्यांवर पहारे बसवले, तेही याच नावाने. १४७६ मध्ये इसाबेला राणीने त्या पहाऱ्यांना राज्याचं दल बनवलं. पण आजही ज्या जिवंत आहेत त्या सेव्हिल शहरातल्या धार्मिक एर्मांदाद. ईस्टरच्या आधीच्या आठवड्यात साठहून अधिक संस्था आपापले देव्हारे घेऊन तिथल्या मुख्य चर्चकडे निघतात. देव्हारा माणसं आतून, खालून, मानेच्या मुळाशी तोलतात. बाहेर पडदा असतो, त्यामुळे त्यांना रस्ता दिसत नाही. म्होरक्या पुढे चालतो, देव्हाऱ्यावरच्या हातोडीचा ठोका देतो आणि तोंडाने वाट सांगतो. डावीकडे जरा, आता थांबा, आता सगळे एकदम वर. जळगावच्या मोगरीवाल्याला ती भाषा कळणार नाही, पण ते काम काय आहे हे तो ठोक्यासरशी ओळखेल.

त्या देव्हाऱ्यांचा इतिहास मला फार बोलका वाटतो. बराच काळ ते ओझं बंदरावरचे हमाल मजुरी घेऊन वाहत. संस्थेचे सभासद मेणबत्त्या धरून पुढे चालत आणि भार पैसे देऊन दुसऱ्याच्या मानेवर ठेवत. १९७३ मध्ये विद्यार्थ्यांच्या एर्मांदादने पहिल्यांदा आपल्याच सभासदांना देव्हाऱ्याखाली उभं केलं. पुढे एकेक करून इतर संस्थांनी तेच केलं आणि आज तिथल्या तरुणांत त्या जागेसाठी चढाओढ असते. भाऊ म्हणवून घ्यायचं आणि भार दुसऱ्याने उचलायचा, ही विसंगती दूर व्हायला काही शतकं लागली. पण या बंधुत्वाला दुसरी बाजूही होती. त्याच शहरात १३९१ साली ज्यू वस्तीची कत्तल झाली होती. आणि त्याच शतकाच्या अखेरीस गोन्सालो दे मेना या आर्चबिशपने काळ्या आफ्रिकी लोकांसाठी इस्पितळ काढलं, त्यातून त्यांची स्वतःची एर्मांदाद उभी राहिली. ती आजही मिरवणुकीत चालते. कत्तल आणि बंधुसंस्था एकाच शहराच्या एकाच शतकात नांदल्या.

आपल्याजवळचं उदाहरण गोव्यात आहे. पोर्तुगीजांबरोबर हीच संस्था तिथे कॉन्फ्रारिया म्हणून आली. पांढऱ्या झग्यावर रंगीत आखूड खांदेपट्टा घातलेले सभासद चर्चच्या फेस्ताला आणि अंत्ययात्रेला ओळीने चालताना आजही दिसतात. मेलेल्याला खांदा द्यायचा, गरिबाच्या प्रेताची सोय करायची, हे त्यांचं मूळ काम. पण गोव्यातल्या कित्येक चर्चमध्ये या संस्था जातवार वाटल्या गेल्या. कुणाच्या कॉन्फ्रारियात कुणी यायचं आणि कुठल्या रंगाचा खांदेपट्टा कुणी घालायचा, यावरून पिढ्यान्‌पिढ्यांचे तंटे चालले. बंधुसंस्थेला दार असतं. त्या दाराशी कुणाला अडवलं, हे पाहिल्याशिवाय तिची स्तुती करू नये.

म्हणून जळगावचंही पाहायला हवं. ८ मे १९७० रोजी, भिवंडी पेटली त्याच्या दुसऱ्या दिवशी, या शहरात दंगल झाली. चाळीसहून अधिक माणसं गेली आणि त्यांतले बहुतेक मुस्लिम होते. मुंबई उच्च न्यायालयाचे न्यायमूर्ती डी. पी. मादन यांच्या आयोगाने भिवंडी, जळगाव आणि महाड इथल्या दंगलींची चौकशी केली. दंगल झाली तेव्हा रथ सुरू होऊन जवळपास ९८ वर्षं झाली होती. म्हणजे भिलपुऱ्यात चादर चढवणाऱ्या गावातच हे घडलं. रथाचं कौतुक करणाऱ्या लेखांतून हे साल गाळलं जातं, आणि ते गाळणं मला बरोबर वाटत नाही. वर्षातून एकदा थांबणारा रथ वर्षभराची राखण करू शकत नाही. तो एवढंच करतो की पुढच्या वर्षी पुन्हा त्याच जागी थांबतो, म्हणजे समोरासमोर येण्याची वेळ ठरलेली राहते. दंगलीनंतर ज्या गावात अशी ठरलेली वेळच उरत नाही, तिथे एकमेकांच्या गल्लीत शिरायला निमित्त लागतं, आणि ते शोधायला कुणी पुढे होत नाही.

धुळ्यात तर क्रमच उलटा आहे. तिथे आधी रक्त सांडलं आणि मग रिवाज जन्मला. जुन्या धुळ्यात १८९५ साली गणपतीची मिरवणूक मशिदीपाशी आली असता तंटा झाला, इंग्रज पोलिसांनी गोळीबार केला आणि माणसं मेली. तेव्हापासून तो गणपती खुनी गणपती आणि ती मशीद खुनी मशीद. नाव ऐकून बाहेरचा माणूस दचकतो, पण धुळेकरांनी ते बदललं नाही. झालेली गोष्ट नावातच ठेवली आणि तिच्यावर नवी रीत बसवली. अनंत चतुर्दशीला पालखीतला गणपती टाळ-मृदंगाच्या गजरात मशिदीसमोर येतो, थांबतो, मुस्लिम बांधव फुलं उधळून स्वागत करतात, आरती होते. ज्या जागी गोळी चालली त्याच जागी थांबायचं, ही निवड सोपी नव्हती. मिरवणुकीचा मार्ग बदलून टाकणं कितीतरी सोपं होतं, आणि पोलिसांनाही तेच आवडलं असतं.

आणि तरी धुळ्यानेही ऑक्टोबर २००८ची दंगल पाहिली आणि ६ जानेवारी २०१३ची पाहिली. दुसऱ्या वेळी पोलिसांच्या गोळीबारात सहा तरुण गेले. जुन्या गावातला रिवाज नव्या वस्त्यांपर्यंत पोचलेला नव्हता. शहर पसरलं, पांझरा नदीच्या दोन्ही अंगांना नवी घरं झाली, पण मानाची वाटणी शंभर वर्षांपूर्वीच्या गल्ल्यांतच राहिली. माझ्या मते खान्देशातल्या या सगळ्या उत्सवांची खरी अडचण इथे आहे.

उत्सव मात्र भरपूर आहेत. अमळनेरला वैशाखात बोरी नदीच्या वाळवंटात सखाराम महाराजांची यात्रा भरते. मोहिनी एकादशीला रथ आणि पौर्णिमेला पालखी. पिंपराळ्याचा रथ आषाढी एकादशीचा. पारोळ्याला बालाजीचा, धुळ्यात खोल गल्लीतल्या बालाजीचा आश्विनातला. जवळपास प्रत्येक मोठ्या गावाला आपला रथ, आपली वहिवाट, आपले मानकरी. ज्यांच्या आजोबांच्या नावावर मान आहे त्यांना हे सगळं आपलं वाटतं. पण जळगावच्या औद्योगिक वसाहतीत चटईच्या कारखान्यात आणि दालमिलमध्ये काम करणाऱ्या, उत्तरेकडून आलेल्या पोराला यात कोणतं काम आहे? तो गर्दीत उभा राहून मोबाईलवर रथाचं चित्रण करतो. त्याला प्रसादाचं केळं मिळतं. दोराला हात लावायला कुणी मनाई करत नाही हे खरं, पण कुणी त्याला बोलावतही नाही.

असं बाहेर राहिलेल्यांचा विषय निघाला की अमळनेरच्या शाळेत शिकवलेले साने गुरुजी मला आठवतात. मे १९४७ मध्ये पंढरपूरच्या विठ्ठलाचं दार अस्पृश्य म्हणून बाहेर ठेवलेल्यांसाठी उघडावं म्हणून त्यांनी उपोषण केलं. दार उघडलं. ज्या वारीत शतकानुशतकं सगळे एकमेकांच्या पाया पडत होते, त्या वारीच्या शेवटच्या उंबऱ्यावर काहींना तोवर अडवलं जात होतं. वारकऱ्यांचं प्रेम खोटं होतं असं मी म्हणणार नाही. पण उंबरा ओलांडायला प्रेम पुरलं नाही, त्यासाठी खान्देशात शिकवलेल्या एका मास्तराला जीव पणाला लावावा लागला.

असाच उंबरा बायकांपुढेही असतो. सेव्हिलमध्ये २०११ साली तिथल्या आर्चबिशपने फर्मान काढून सर्व एर्मांदादमध्ये बायकांना बरोबरीचा हक्क दिला. तोवर काही जुन्या संस्था अडून बसल्या होत्या, परंपरेचं नाव सांगत. आपल्याकडे रथाच्या दिवशी बायका पहाटेपासून अंगण सारवतात, रांगोळ्या काढतात, ओटीवर आरतीचं ताट घेऊन तासन्‌तास उभ्या राहतात. वहनाच्या रात्रीची पानसुपारी त्यांच्याच हातची. मानकऱ्यांच्या यादीत त्यांची नावं आली तर रथाचं काय बिघडेल, हे मला कुणी पटवून दिलेलं नाही.

नवे मान द्यायला हवेत. मेहरूण, पिंपराळा या जळगावच्या भागांतल्या आणि औद्योगिक वसाहतीतल्या पोरांना मोगरी धरायला शिकवायला हवं. जुन्या मोगरीवाल्याच्या शेजारी दोनतीन वर्षं चालल्याशिवाय ती विद्या येत नाही, म्हणून सुरुवात लवकर करायला हवी. यावर ‘मान वंशपरंपरागत असतो’ असं उत्तर मिळतं आणि ते देणाऱ्यांचा जीव त्या रथात आहे हे मला ठाऊक आहे. पण १८७२ साली यातला एकही मान वंशपरंपरेने आलेला नव्हता. प्रत्येक मान तेव्हा अप्पा महाराजांच्या गावाने कुणाला तरी नव्यानेच दिला होता.