सायकलस्वार आणि रस्ते

किन्हवलीहून शहापूरला किंवा मुरबाडला तुम्ही डांबरी रस्त्याने जाता. पण भर पावसात एखाद्या पाड्याच्या कच्च्या वाटेवर सायकल घालून पाहा. चाक चिखलात रुतते, दगडावरून घसरते. शेवटी सायकलच आपल्या खांद्यावर बसते!

एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस इंग्लंड-अमेरिकेतील सायकलस्वारांचे असेच हाल होत. रेल्वे आल्यावर लांबचा माल आणि प्रवासी आगगाडीने जाऊ लागले. मग गावोगावच्या रस्त्यांकडे कोण पाहणार? १८८५ साली जॉन केम्प स्टार्ली यांनी साखळीची, जवळजवळ सारख्या चाकांची सायकल आणली. १८८८ साली डनलॉप यांनी हवेचा टायर तयार केला. सायकली वाढल्या, तशा रस्त्यांबद्दलच्या तक्रारीही वाढल्या.

हे लोक नुसती तक्रार करून थांबले नाहीत. इंग्लंडमधील सायकलस्वारांनी धोक्याच्या उतारांवर स्वतः पाट्या लावल्या. १८८६ साली त्यांनी रस्तासुधार संघ काढला आणि रस्ता कसा दुरुस्त करावा, याची माहितीपत्रके छापली.

अमेरिकेत सायकलस्वारांची संघटना १८८० साली स्थापन झाली. तिला खरा विरोध झाला तो शेतकऱ्यांचा. तेथे शेतकऱ्यांना वर्षातून काही दिवस रस्त्यावर काम करावे लागे. शहरातल्या हौशी लोकांच्या सहलीसाठी आम्ही आणखी कर का द्यावा, असे ते विचारत. त्यांचा प्रश्न काही चुकीचा नव्हता.

तेव्हा आयझॅक पॉटर या सायकलस्वाराने १८९१ साली खास शेतकऱ्यांसाठी एक पुस्तिका लिहिली. तिच्यात सायकलपेक्षा घोडागाडीचाच विचार अधिक होता. तुम्हीही असा हिशेब करून पाहा. बैलगाडीत भाताची पोती भरली आहेत. पक्क्या रस्त्यावर एक जोडी ती सहज ओढते. चिखलात मात्र निम्मी पोती उतरवावी लागतात किंवा दुसरी जोडी जुंपावी लागते. तेवढ्यात बाजार उठून जातो. म्हणजे खराब रस्त्याचाही एक करच असतो. फक्त त्याची पावती मिळत नाही!

हे हळूहळू शेतकऱ्यांना पटले. १८९३ साली अमेरिकेच्या शेतकी खात्यात रस्त्यांसाठी स्वतंत्र कचेरी उघडली. १८९७ पासून तिने ठिकठिकाणी नमुन्याचे छोटे रस्ते बांधले. खडीचे थर, त्यांवर रूळ, पाणी वाहून जायला दोन्ही कडांना उतार. लोक येऊन स्वतःच्या डोळ्यांनी पाहत. पुढे मोटारी आल्या आणि या रस्त्यांचा मोठा लाभ त्यांनाच झाला.

आपल्या देशात रस्त्यांची मागणी जोरात आली ती मोटारींमुळे. १९२७ साली बॅरिस्टर मुकुंदराव जयकर यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली गेली. पेट्रोलवर जादा कर घेऊन तो रस्त्यांवर खर्च करावा, असे तिने सुचवले आणि १९२९ साली तसा निधी सुरू झाला. सायकलला पेट्रोल लागत नाही. त्यामुळे सायकलस्वाराला हा कर कधी द्यावा लागला नाही.