अग्निबाणाचे गाव कोणते?

मंडळी, दिवाळीतला बाण बाटलीत उभा करून आपण वात पेटवतो. दारू जळते, वायू जोराने खाली सुटतो नि बाण वर झेपावतो. चंद्रावर जाणाऱ्या अग्निबाणाचे तत्त्वही हेच. मग ही विद्या मूळ कोणाची?

बाणाला दारूचे नळे बांधण्याची युक्ती चीनमधली. आपल्याकडे हैदर आणि टिपू यांनी नळा लोखंडी केला. दारू ठासून भरता आली, बाण लांब जाऊ लागला. 1799 साली श्रीरंगपट्टण पडले. तिथले बाण इंग्लंडात गेले आणि काँग्रीव्ह यांनी त्यांवरून आपले अग्निबाण तयार केले.

पण आभाळापलीकडे जायचे तर दारूचा जोर अपुरा. ही अडचण सोडवली एका शाळामास्तरांनी! रशियात कालुगा गावी त्सिओल्कोव्स्की गणित शिकवीत. लहानपणीच्या आजाराने त्यांना नीट ऐकू येत नसे. 1903 साली त्यांनी हिशेब मांडला, की द्रवरूप इंधन आणि द्रवरूप प्राणवायू बरोबर नेला तर अवकाशात जाता येईल. तिथे हवा नाही, हे खरे; पण अग्निबाण हवेला रेटून चालतच नाही, तो आपलाच वायू मागे लोटतो. 1923 साली ओबेर्थ यांनी जर्मनीत याच विषयावर पुस्तक छापले. तेही पुढे शाळेत शिकवीत. अमेरिकेत गॉडर्ड यांनी 16 मार्च 1926 रोजी असा पहिला अग्निबाण उडवला. तो अडीच सेकंद उडाला आणि कोबीच्या वाफ्यात पडला.

पुढची गोष्ट दुःखाची आहे. अवकाशाची सीमा प्रथम ओलांडली ती जर्मनीच्या व्ही-2 ने, 1944 साली. पण तो शहरांवर मारा करण्यासाठी बनवलेला. त्याच्या माऱ्यात जेवढी माणसे मेली, त्याहून अधिक कैदी तो बनवताना राबून मेले, असे इतिहासकार मानतात. लढाईनंतर तीच विद्या रशिया आणि अमेरिका दोघांनी नेली. 4 ऑक्टोबर 1957 रोजी रशियाचा स्पुटनिक पृथ्वीभोवती फिरू लागला.

21 नोव्हेंबर 1963 रोजी केरळातल्या थुंबा या कोळ्यांच्या गावातून अग्निबाण सुटला. बाण अमेरिकेचा, आतले सामान फ्रान्सचे, काम मात्र वरच्या हवेचा अभ्यास करण्याचे.

गुरुजी, वर्गात एक फुगा फुगवून तोंड न बांधता सोडून द्या. पोरे हसतील. मग विचारा, फुगा पुढे का पळाला? उत्तर मिळाले, की भिंतीवरच्या नकाशात चीन, म्हैसूर, कालुगा आणि थुंबा त्यांच्याच बोटाने शोधू द्या.