युक्लिडचा सत्तेचाळिसावा सिद्धांत व फ्रीमेसन बंधुमंडळ

जुन्या पोथ्या व दप्तरें हाताळणारांस एक गोष्ट अनुभवानें ठाऊक असते. पोथी नष्ट होण्यापेक्षां ती भलत्याच नांवाखालीं दडून राहते, असेंच पुष्कळ वेळां घडतें. इंग्लंडच्या राजसंग्रहांतील एका लहानशा चर्मपत्री पोथीचें असेंच झालें. १७३४ सालीं छापलेल्या यादींत डेव्हिड कॅस्ले यानें तिची नोंद नैतिक कर्तव्यांवरील काव्य अशी केली. १७५७ मध्यें दुसऱ्या जॉर्ज राजानें हा संग्रह ब्रिटिश म्यूझियमला दिला, त्याबरोबर पोथीहि तेथें गेली. पुढें १८३९ सालीं जेम्स हॅलिवेल यानें तिजवर निबंध वाचला, तेव्हां हें काव्य म्हणजे गवंड्यांच्या धंद्याची जुनी घटना आहे, ही गोष्ट विद्वानांच्या ध्यानांत आली. वास्तविक युक्लिडप्रणीत भूमितिकलेच्या नियमांस येथून आरंभ होतो, अशा अर्थाचा लॅटिन मथळा पोथीच्या आरंभींच आहे; परंतु यादी करणारांचें लक्ष मथळ्यापेक्षां आंतील नीतिपर ओळींकडे गेलें. ही पोथी आज ‘रीजियस’ या नांवानें प्रसिद्ध असून ब्रिटिश लायब्ररींत आहे. तिचा काळ सामान्यतः चौदाव्या शतकाची अखेर ते पंधराव्याचा पहिला चरण असा धरतात.

हिचें महत्त्व फ्रीमेसन बंधुमंडळाच्या इतिहासांत आहे. हें मंडळ आपल्याकडे अगदींच अपरिचित नाहीं. मुंबईंत १८४३ सालीं डॉ. जेम्स बर्न्स यांच्या पुढाकारानें ‘रायझिंग स्टार ऑफ वेस्टर्न इंडिया’ हें लॉज हिंदी गृहस्थांस प्रवेश मिळावा म्हणून निघालें. आणि या मंडळाच्या बंद दारांमुळें लोक त्याच्या इमारतींस जादूघर म्हणूं लागले. मंडळाचीं चिन्हें गवंड्याच्या हत्यारांतून घेतलेलीं आहेत: गुण्या, कंपास, ओळंबा इत्यादि. त्यांतच एक आकृति अशी आहे कीं जी हत्यार नाहीं. काटकोन त्रिकोणाच्या तिन्ही बाजूंवर तीन चौरस काढलेले असतात. कर्णावरील चौरस बाकीच्या दोन चौरसांच्या बेरजेइतका असतो, हा युक्लिडच्या पहिल्या पुस्तकांतील सत्तेचाळिसावा सिद्धांत त्या आकृतींत दाखविलेला असतो.

ही आकृति पायथागोरसापासून गुप्त परंपरेनें चालत आली, असें या मंडळाच्या कांहीं ग्रंथकारांनीं लिहिलें आहे. प्रस्तुत लेखांत त्या म्हणण्याची परीक्षा लेखी पुराव्यावरून करावयाची आहे. आकृतीचें वय एक व तिला दिलेल्या अर्थाचें वय दुसरें, हें ध्यानांत न ठेवल्यास संशोधक कसा फसतो, हें या उदाहरणावरून स्पष्ट होतें असें आम्हांस वाटतें.

प्रथम रीजियस पोथी पाहूं. तिच्या ७९४ ओळी यमकबद्ध आहेत. आरंभींची कथा अशी: मोठमोठ्या सरदारांस मुलें फार झालीं, व त्यांच्या योगक्षेमापुरतें द्रव्य त्यांजपाशीं उरलें नाहीं. तेव्हां मुलांस अब्रूनें पोट भरतां येईल अशी विद्या कोणती, असें त्यांनीं विद्वानांस विचारलें. युक्लिडनें त्या मुलांस इजिप्त देशीं भूमिति शिकविली, आणि तिलाच गवंडीकाम हें नांव पडलें. जो अधिक जाणता त्यानें कमी जाणत्यास शिकवावें. कोणीं कोणास चाकर किंवा ताबेदार म्हणूं नये, सोबती म्हणावें. कारण सर्वच कुलीन मातांच्या पोटीं जन्मलेले. पुढें अ‍ॅथेल्स्टन राजाच्या अमदानींत ही कला इंग्लंडांत आली असें सांगून पोथी पंधरा कलमें व पंधरा नियम देते. मुख्य गवंड्यानें धान्याचा भाव पाहून सोबत्यांस मजुरी द्यावी, उमेदवार सात वर्षांहून कमी मुदतीनें ठेवूं नये, अशा स्वरूपाचीं तीं कलमें आहेत.

येथें भूमितीचें नांव आहे, युक्लिडचें नांव आहे. परंतु एकहि आकृति नाहीं व एकहि सिद्धांत नाहीं. मग या नांवांचें प्रयोजन काय? तें त्या काळच्या कायद्यांत सांपडतें. १३४८-४९ च्या महामारीनंतर इंग्लंडांत मजुरांची टंचाई झाली व मजुरीचे दर चढले. १३५१ च्या कायद्यानें ते दर बांधून टाकले. त्यांत गवंड्यांची मजुरीहि आली. पुढें १४२५ मध्यें गवंड्यांनीं दरसाल सभा भरवूं नयेत असा कायदा झाला. सरकारनें ज्यांस मजुरांच्या पंक्तीस बसविलें, त्यांनीं पोथींत आपणांस सरदारपुत्र व युक्लिडचे शिष्य ठरविलें. त्या पोथींत भूमिति ही गूढ विद्या नाहीं. ती कारागिराच्या अब्रूची सनद आहे. कथा इतिहास म्हणून खोटी असली तरी ती कोणत्या गरजेंतून निघाली हें सांगणारा पुरावा म्हणून ती खरी आहे.

दुसरी पोथी ‘कुक’ या नांवानें ओळखली जाते. मॅथ्यू कुक यानें ती १८६१ सालीं छापली. ती गद्य असून पंधराव्या शतकाच्या पूर्वार्धांतील आहे. तींत सात विद्यांची गणना करून भूमिति ही सर्वांचें मूळ असें प्रतिपादन केलें आहे. जलप्रलय किंवा अग्निप्रलय होणार या भयानें विद्या दोन खांबांवर कोरून ठेवल्या, आणि प्रलयानंतर एक खांब पायथागोरसास व दुसरा हर्मिसास सांपडला, अशीहि कथा तींत आहे. युक्लिड हा तर अब्राहामाचा शिष्य; नाईल नदीच्या पुरापासून जमिनी राखण्यास बांध व चर कसे घालावे, आणि जमीन मोजून वाटून कशी द्यावी, हें त्यानें लोकांस शिकविलें. कालगणनेच्या दृष्टीनें ही गोष्ट अशक्य आहे, कारण युक्लिड ख्रिस्तपूर्व ३०० च्या सुमाराचा. तथापि पुरानंतर जमिनी मोजण्यांतून भूमिति निघाली, हा हेरोडोटसनें नोंदलेला समज तींत वाहत आला आहे. पायथागोरसाचें नांव येथें आलें, तें विद्या सांपडविणारा म्हणून. त्याच्या सिद्धांताचा मात्र उल्लेख नाहीं.

आतां प्रत्यक्ष काम करणारा पाथरवट कोणती भूमिति जाणत असे तें पाहूं. १४५९ मध्यें रेगेन्सबुर्ग येथें जर्मन पाथरवटांची सभा भरली. जमिनीवरील आराखड्यावरून उंचीचीं मापें काढण्याची रीत धंद्याबाहेरच्या माणसास शिकवूं नये, असा नियम तिनें केला. पुढें सत्तावीस वर्षांनीं, १४८६ सालीं, त्याच गांवच्या मॅथेस रोरित्झर या पाथरवटानें देवळाच्या शिखरांवर एक लहानसें पुस्तक छापून ती रीत उघड केली. ती अशी: चौरस काढावा, त्याच्या बाजूंचे मध्यबिंदु जोडून आंत दुसरा चौरस काढावा, तो पहिल्याच्या निम्मा येतो, त्याच्या आंत तिसरा. या चौरसांवरूनच शिखराची जाडी, निमुळतेपणा व उंची ठरते. येथें सिद्धता नाहीं, युक्लिडचें नांवहि नाहीं. दोरी, कंपास व गुण्या एवढ्यावर काम भागतें. गुपित होतें तें एवढेंच, आणि तें पोटापाण्याचें गुपित होतें. धर्मरहस्याचा त्यांत लेश दिसत नाहीं.

मग आकृति केव्हां आली? ग्रंथ व माणसें दोन्ही बदललीं तेव्हां. युक्लिडचा ग्रंथ १४८२ सालीं व्हेनिस येथें प्रथम छापला गेला, आणि १५७० मध्यें त्याचें इंग्रजी भाषांतर निघालें. आतां तो वाचण्यास मठांत जाण्याची गरज उरली नाहीं. दुसरीकडे, गवंड्यांच्या मंडळांत गवंडी नसलेले गृहस्थ शिरूं लागले. पुराणवस्तूंचा प्रसिद्ध संग्राहक इलायस अ‍ॅशमोल यानें १६४६ सालीं आपण वॉरिंग्टन येथें फ्रीमेसन झाल्याची नोंद रोजनिशींत केली आहे. अशा गृहस्थांस मजुरीच्या दराशीं कर्तव्य नव्हतें. त्यांस विद्येची व प्राचीनत्वाची गोडी होती.

लंडनचें महामंडळ १७१७ मध्यें स्थापन झालें असें जेम्स अ‍ॅण्डर्सन यानें आपल्या १७३८ च्या आवृत्तींत लिहिलें. अलीकडे कांहीं संशोधक १७२१ हें वर्ष धरतात. याच अ‍ॅण्डर्सननें १७२३ सालीं मंडळाची घटना छापली. तिच्या मुखचित्रांत माँटेग्यूचा ड्यूक घटनेची गुंडाळी व्हार्टनच्या ड्यूकाच्या हातीं देत आहे, आणि दोघांच्या मध्यें जमिनीवर सत्तेचाळिसाव्या सिद्धांताची आकृति काढलेली आहे. हा सिद्धांत पायथागोरसाचा असून सर्व बांधकामाचा पाया होय, असें ग्रंथांतहि म्हटलें आहे. आकृतीखालीं ग्रीक अक्षरांत ‘युरेका’ हा शब्द आहे. हा उद्गार परंपरेनें आर्किमीडीजचा. रोमन शिल्पग्रंथकार व्हिट्रूव्हियस याच्या नवव्या पुस्तकाच्या प्रस्तावनेंत पायथागोरसाची ३, ४, ५ या मापांनीं गुण्या करण्याची युक्ति व आर्किमीडीजचा हा उद्गार अशा दोन्ही कथा लागोपाठ आल्या आहेत. त्या दोहोंची सरमिसळ होऊन हा शब्द पायथागोरसाकडे गेला असावा, असा आमचा तर्क आहे. तो ग्राह्य असो वा नसो, चित्र काढणाऱ्याच्या पुढें छापील ग्रंथ होते, मौखिक रहस्य नव्हे, हें मात्र त्यावरून सूचित होतें.

यापुढें अर्थांची भर पडत गेली. १७३० मध्यें सॅम्युएल प्रिचर्ड यानें मंडळाची प्रश्नोत्तरें छापून फोडलीं. त्यांत ‘जी’ या अक्षराचा अर्थ एके ठिकाणीं भूमिति व दुसऱ्या ठिकाणीं विश्वाचा शिल्पकार परमेश्वर असा दिला आहे. म्हणजे एकाच पुस्तिकेंत एका अक्षरास दोन अर्थ. १८१३ सालीं इंग्लंडांतील दोन प्रतिस्पर्धी महामंडळें एक झालीं, त्यानंतर ही आकृति रुप्याच्या पत्र्यावर कोरून गुण्याखालीं लटकविलेली, अशा स्वरूपांत मंडळाच्या माजी अध्यक्षांचें पदक बनली. अमेरिकेंत जेरेमी क्रॉस याच्या १८१९ च्या सचित्र पुस्तकानें, बंधूंनीं सर्व कला व शास्त्रें यांवर प्रेम करावें हा बोध तिला जोडला. शिवाय ३, ४ व ५ या बाजू म्हणजे ओसायरिस, आयसिस व होरस हें प्लूटार्कनें सांगितलेलें इजिप्शियन रूपक मंडळाच्या लेखकांनीं उचललें. रूपक खरोखरच प्राचीन आहे; परंतु तें प्लूटार्कच्या ग्रंथांतून आलें, गवंड्याच्या कामावरून आलें नाहीं.

येथें आमच्या वाचकांच्या मनांत एक शंका येईल. हा सिद्धांत तर आपल्या बौधायन शुल्बसूत्रांत स्पष्ट सांगितलेला आहे. तेव्हां या चिन्हाचें मूळ इकडे कां मानूं नये? सिद्धांताचें ज्ञान पुष्कळ प्राचीन आहे, यांत संशय नाहीं. बौधायन पायथागोरसाच्या पूर्वींचा मानला जातो. आणि ख्रिस्तपूर्व १८०० च्या सुमाराच्या बाबिलोनी विटेवरहि अशा संख्या कोरलेल्या आहेत. परंतु शुल्बकारास तो वेदी मोजण्यासाठीं पाहिजे होता. श्येनाकृति चिति ठराविक क्षेत्रफळाची झाली पाहिजे, हा त्याचा हेतु. काटकोन सर्वत्र सारखाच असतो, म्हणून तो साधण्याची युक्ति निरनिराळ्या देशांत सांपडते. तेवढ्यावरून यजमान, बाबिलोनी लेखक व लंडनचे ड्यूक यांस एका माळेंत ओवणें म्हणजे पुराव्याची जागा साम्यास देणें होय.

खरें साम्य दुसरीकडे आहे, आणि तेंहि कागदावरचें. लंडनांत अ‍ॅण्डर्सनचा ग्रंथ छापला जात होता त्याच सुमारास जयपूरच्या सवाई जयसिंहाच्या आश्रयास असलेल्या जगन्नाथ पंडितानें नसीरुद्दीन तूसीच्या अरबी पाठावरून युक्लिडचा ग्रंथ ‘रेखागणित’ या नांवानें संस्कृतांत आणला. मुंबई संस्कृत मालेंत तो १९०१ व १९०२ सालीं दोन भागांत प्रसिद्ध झाला आहे. जगन्नाथानें प्रस्तावनेंत युक्लिडचें नांव घेतलें नाहीं. हें शिल्पशास्त्र ब्रह्मदेवानें विश्वकर्म्यास सांगितलें, परंपरेनें पृथ्वीवर आलें, मध्यंतरीं लुप्त झालें, व जयसिंहाच्या आज्ञेनें पुन्हा प्रकट केलें, असें तो म्हणतो. इंग्लंडांत गवंड्यांनीं आपल्या कामास युक्लिड हा मूळपुरुष जोडला. इकडे पंडितानें युक्लिडच्या कामास विश्वकर्मा हा मूळपुरुष जोडला, जो आपल्या सुतार, पांचाळ इत्यादि कारागिरांचाहि मूळपुरुष आहे. दोघांचा एकमेकांशीं कांहीं संबंध नाहीं. विद्येला प्रतिष्ठा हवी असली म्हणजे तिला वंशावळ द्यावी लागते, एवढीच वहिवाट दोहोंकडे सारखी.

संग्राहकांनीं यावरून घ्यावयाचा धडा थोडक्यांत सांगतों. पोथीवर त्रिकोण, षट्कोण किंवा दुसरें एखादें चिन्ह आढळलें कीं तें प्राचीन आहे म्हणून पोथीहि प्राचीन, किंवा अमुक संप्रदायाची, असें अनुमान करूं नये. आकृतीची शाई व हात मजकुराच्या शाईशीं व हाताशीं जुळतो काय, आणि मजकूर त्या आकृतीबद्दल स्वतः कांहीं बोलतो काय, हें आधीं पाहावें. मजकूर मुका असेल तर आकृतीच्या तोंडीं आपले शब्द घालूं नयेत. आणि यादी करतांना पोथीचा मथळा वाचून तसाच उतरून घ्यावा. रीजियस पोथीच्या मथळ्यांत युक्लिडचें नांव होतें; तें यादींत उतरलें नाहीं, म्हणून गवंड्यांची सनद शंभर वर्षांहून अधिक काळ नीतिकाव्यांच्या रांगेंत पडून राहिली.