शहापूर सांगलीचं कसं?

परवा कपिलेश्वर पुलावरून उतरताना भाचीनं विचारलं, "मामा, बेळगाव इंग्रजांचं, मग लगतचं शहापूर सांगली संस्थानात कसं?"

उत्तर १८१७-१८ च्या लढायांत आहे.

५ नोव्हेंबर १८१७ ला खडकीत पेशव्यांची फौज इंग्रजांविरुद्ध हरली. फेब्रुवारीत आष्टीच्या लढाईत पेशव्यांचे सेनापती बापू गोखले पडले आणि सैन्य पुन्हा सावरलंच नाही. माझ्या मते मराठेशाहीचा खरा निकाल आष्टीला लागला.

मार्चमध्ये इंग्रजांच्या जनरल मन्रोनं बेळगावच्या किल्ल्याला वेढा घातला. किल्ला सपाटीवरचा, पण खंदक रुंद आणि तट भक्कम. आतल्या शिबंदीनं जवळजवळ तीन आठवडे दाद दिली नाही. पण मदतीला येईल अशी फौज बाहेर कुठे उरली होती? १० एप्रिल १८१८ ला किल्ला पडला.

सांगलीच्या चिंतामणराव पटवर्धनांनी मात्र १८१९ मध्ये ईस्ट इंडिया कंपनीशी तह केला आणि त्यांचा मुलूख टिकला. शहापूर त्यातलंच.

मग बेळगावात इंग्रजांची छावणी वसली आणि शेजारी शहापुरात पटवर्धनांचा अंमल! हाकेच्या अंतरावर दोन सरकारं, थेट १९४८ च्या विलीनीकरणापर्यंत. म्हणूनच सांगतो, लढाईबद्दल वाचाल तेव्हा तिच्यानंतरचा तहही वाचा.

बेळगावचा हाच किल्ला १४७३ मध्ये बहमनी वजीर महमूद गवाननं तटाखाली सुरुंग लावून घेतला होता. त्यावर वेगळी पोस्ट हवी असेल तर कळवा. प्रश्न असतील तर जरूर विचारा, आणि घरात सांगली सरकारच्या काळातले कागद असतील तर फोटो टाका.