अपिलात पुरावा कसा उफणला जातो?

बांधावरून बोलाचाली झाली नाही असे गाव विरळाच. कधी बोलाचालीची मारामारी होते, कुणाचे हाड मोडते आणि दोन घरे वर्षानुवर्षे कोर्टाच्या पायऱ्या झिजवतात.

मी शेतीखात्यातला माणूस, वकील नव्हे. पण पंच म्हणून सही केल्यामुळे असा एक खटला मी जवळून पाहिला. बांधावरच्या बाभळीपायी भाऊबंदांत जुंपली. एका काठीच्या तडाख्याने थोरल्याचा हात मोडला. मारणारा एक, पण फिर्यादीत नावे पाच. त्यात बारावीला बसलेला पोरगाही. खालच्या कोर्टाने पाचही जणांना शिक्षा दिली. मग सत्र न्यायालयात अपील झाले.

अपिलात साक्षीदार सहसा पुन्हा उभे करीत नाहीत. न्यायाधीश फिर्याद, पंचनामा, डॉक्टरांचा दाखला, जबाब आणि उलटतपासणी वाचतात व पुरावा स्वतः नव्याने तोलतात. साक्षीदाराचा चेहरा खालच्या कोर्टाने पाहिलेला असतो, त्या मताचाही मान राखतात.

हे तोलणे म्हणजे खळ्यावरची उफणणीच. साक्षीदार एका गोष्टीत खोटा ठरला म्हणून त्याची सगळी साक्ष फेकून द्यावी असा आपल्याकडे नियम नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 1957 साली सांगितले. भूस बाजूला काढून दाणे ठेवायचे. मात्र दोन्ही वेगळे करता येईनात, तर सगळी साक्षच जाते.

घरचा साक्षीदार चालतो का? चालतो. पंजाबातल्या एका खटल्यात 1953 साली न्यायालय म्हणाले, की जवळचा नातेवाईक खऱ्या गुन्हेगाराला सहसा सोडणार नाही. पण वैर असले की गुन्हेगारासोबत निरपराधालाही ओढण्याचा मोह होतो. वेळ, अंतर यांतल्या बारीकसारीक चुकांनी साक्ष पडत नाही, हे गुजरातच्या खटल्यात 1983 साली ठरले. जखमी माणसाच्या साक्षीला विशेष वजन असते, कारण तो तिथे होता हे त्याची जखमच सांगते. हे मध्य प्रदेशातल्या खटल्यात 2010 साली पुन्हा सांगितले गेले. उलट, फिर्यादीला विनाकारण उशीर झाला तर गोष्ट रचल्याचा संशय येतो.

आमच्या गावच्या खटल्यात हेच झाले. पोलिसांपुढच्या जबाबात तडाखा एकाचाच होता. कोर्टात प्रत्येकाच्या हाती काठी आली. दाखल्यावर जखम मात्र एकच. सत्र न्यायालयाने मारणाऱ्याची शिक्षा कायम ठेवली आणि चौघांना सोडले. पोरगा सुटला, पण त्याची दोन वर्षे तारखांत गेली. जखमी थोरला मला म्हणाला, "साहेब, माझा हात खरंच मोडला होता. चार नावं जास्त घातली आणि मीच खोटा पडलो."

म्हणून सांगतो:

• मार लागला तर आधी सरकारी दवाखाना गाठा. कुणी, कशाने, कुठे मारले ते डॉक्टरांना सांगा.
• फिर्याद त्याच दिवशी द्या. उशीर झाला तर कारण लिहवून घ्या. वाचून मगच सही करा. फिर्यादीची नक्कल फुकट मिळते.
• पाहिले तेवढेच सांगा. ऐकीव गोष्ट किंवा जास्तीचे नाव घालू नका.
• शिक्षा झाल्यास निकालाची नक्कल आरोपीला विनामूल्य मिळते. सत्र न्यायालयात अपिलाची मुदत 30 दिवस, उच्च न्यायालयात 60 दिवस.
• वकिलाची ऐपत नसेल तर तालुका विधी सेवा समितीकडे चौकशी करा. स्त्रिया, अनुसूचित जाती-जमाती आणि कोठडीतील व्यक्तींना उत्पन्न न पाहता मोफत वकील मिळतो.

1 जुलै 2024 पासून भारतीय न्याय संहिता लागू झाली. हाड मोडणे ही तीतही गंभीर दुखापतच आहे. शिक्षा 7 वर्षांपर्यंत, आणि घातक हत्याराने केल्यास त्याहून जास्त. कलमांचे आकडे बदलले, पुरावा उफणण्याची रीत तीच आहे. बियाण्यात भेसळ केली की पीक फसते. फिर्यादीचेही तसेच आहे.